शेवट सांगायचा नाही

चष्मा तुटला तेव्हा मी शिडीवर होते, आणि चूक माझी नव्हती, पुस्तकाची होती. इतकं जाड पुस्तक कुणी लिहावंच कशाला? ‘सातव्या अंधाराचं राज्य’... नऊशेच्या वर पानं, काळंकुट्ट मुखपृष्ठ, आणि मागच्या बाजूला लेखकाचा फोटो, ज्यात तो फोटो काढणाऱ्यावरच रागावलेला दिसत होता. वरच्या फळीवर गठ्ठा रचताना त्यातली एक प्रत हातातून निसटली, जाता जाता माझ्या नाकावरचा चष्मा घेऊन गेली, आणि दोन्ही खाली कुणाच्या तरी पायाशी जाऊन पडली.

“पाय वाचला,” खालून आवाज आला. “चष्म्याचं बघू या...”

चष्म्याशिवाय मला तो माणूस म्हणजे एक निळा ठिपका दिसत होता. ठिपका वाकला, त्याने चष्मा उचलला, खिशातून बोटाएवढा स्क्रूड्रायव्हर काढला आणि मी धडपडत शिडी उतरेपर्यंत दांडी जागेवर बसवलीसुद्धा. मग चष्मा हातात द्यायचा सोडून त्याने सरळ माझ्या नाकावर ठेवला, एक पाऊल मागे सरला, मान कलती करून बघितलं, आणि माझ्या डाव्या कानामागे दांडी हलकेच दाबली.

“तुमचा डावा कान उजव्यापेक्षा किंचित वर आहे,” तो म्हणाला. “कुणी सांगितलं नाही कधी?”

“नाही. इथे लोक पुस्तकं बघायला येतात.”

तो हसला. आता तो नीट दिसत होता, आणि खरं सांगायचं तर मघाचा ठिपका बरा होता. ठिपक्याकडे बघून छातीत धडधडत नव्हतं. समोरच्या गल्लीत नुकतंच चष्म्याचं दुकान उघडलेला माणूस तो हाच, हे मला लगेच कळलं. दुकानाची पाटी मी येता-जाता वाचली होती, पाटीखालचा माणूस वाचायचा राहिला होता.

इतक्यात आत्या आली. पुस्तकांचं हे दुकान माझ्या आत्याचं, आणि मी तिथली विक्रेती, हिशेबनीस, शिडीवर चढणारी, सगळं काही. आत्याने पडलेली प्रत उचलून फुंकर मारली आणि त्याला समजावलं, की कोपरा दुमडला आहे, म्हणजे ही प्रत आता दुसरं कुणी घेणार नाही, तेव्हा ती त्यानेच घेणं न्यायाचं होईल. आपला पाय थोडक्यात वाचल्याबद्दल आपणच पैसे का मोजायचे, हे त्या बिचाऱ्याला शेवटपर्यंत कळलं नाही. पुस्तक कशाबद्दल आहे, एवढं मात्र त्याने विचारलं.

“प्रेमकथा आहे,” आत्या छातीठोकपणे म्हणाली.

आत्याने त्यातलं एक पानही वाचलं नव्हतं. समोर जसा माणूस येईल तसं पुस्तक ती विकायची. निवृत्त न्यायाधीशांना तिने ते न्याय-अन्यायाचं पुस्तक म्हणून दिलं होतं, गणिताच्या सरांना कोड्यांचं, आणि आहारतज्ज्ञ बाईंना चक्क प्रवासवर्णन म्हणून.

त्या महिन्यात आमच्या भागात दुसरा विषय नव्हता. सात राज्यं, एकामागून एक अंधारात बुडत जाणारी. शेवटचा दिवा हातात घेऊन निघालेला एक दीपधर. रात्रीच्या दारापाशी, दाराच्या आतल्या बाजूला, बसलेली एक राखणदारीण. दोन लढायांच्या मध्ये सगळे सैनिक बसून चर्चा करतात, की उजेड म्हणजे नेमकं काय, आणि तो हवाच कशाला. एक घोडासुद्धा मरण्यापूर्वी पानभर विचार करतो.

आमच्या दुकानात दर रविवारी सकाळी वाचकांची बैठक असते, दुकान तेव्हा गिऱ्हाइकांना बंद असतं. त्या बैठकीत या पुस्तकाने नुसती खळबळ उडवून दिली. न्यायाधीशांचं म्हणणं, की एवढे अत्याचार होतात आणि एकालाही शिक्षा नाही, हे लिहिणाऱ्यालाच आत टाकायला हवं. आहारतज्ज्ञ बाईंच्या मते सगळ्या दुःखाचं मूळ एकच, पूर्ण पुस्तकात कुणीही एकदासुद्धा पोटभर गरम जेवत नाही, मग माणसं उदास होणार नाहीत तर काय. गणिताचे सर मात्र पुस्तकावर लट्टू होते. ते दिवसाला मोजकीच पानं वाचायचे, समासात आकृत्या काढायचे, आणि बाकी सगळे वाचून मोकळे झाले तरी ते आपले चौथ्या अंधारातच चाचपडत होते.

आणि म्हणूनच आत्याचा एक नियम फार कडक पाळला जात होता. आमच्या दुकानात पुस्तकाचा शेवट सांगायचा नाही. फळ्यांच्या मागे कोण उभं आहे, कुणाचं किती वाचून झालंय, काय सांगावं? कधीकाळी एका गिऱ्हाइकाने एका रहस्यकथेतला खुनी मोठ्याने सांगून टाकला होता आणि ती कथा अर्धवट वाचलेला दुसरा माणूस पुन्हा दुकानात फिरकला नाही. तेव्हापासून नियम म्हणजे नियम. जो बोलेल त्याने सगळ्या फळ्या पुसायच्या. न्यायाधीशांनीसुद्धा एकदा मुकाट्याने फडकं हातात घेतलं होतं.

चष्मेवाला पुस्तक संपवून आला तो थेट रविवारच्या बैठकीलाच. दारातच मला गाठलं. डोळे चमकत होते, रात्री झोपला नसावा.

“शेवट...” तो म्हणाला.

“भयंकर,” मी म्हटलं. नेमकं त्याच क्षणी तो म्हणाला, “सुंदर.”

आम्ही दोघांनी एकमेकांकडे असं बघितलं, की या माणसाशी आता बोलायचं तरी कसं. आणि मग आम्ही दुसरं काही केलंच नाही. रोज तो दुकान बंद करून यायचा, मी पुस्तकं लावत असायचे, आणि आमचं सुरू व्हायचं. नियम मोडायचा नाही म्हणून सगळं आडून आडून.

“तो तसा बसला ना, शेवटी,” तो म्हणायचा, “त्याला मन मोठं लागतं.”

“मन मोठं? डोकं नसलं की पुरतं.”

“तुम्हाला त्यात काहीच दिसलं नाही?”

“दिसलं. म्हणून तर चिडलेय.”

त्याला वाटायचं, मी घाईत वाचलं. मला वाटायचं, हा माणूस स्वभावाने इतका चांगला आहे, की त्याच्यासमोर राक्षस आणून उभा केला तरी तो आधी त्याचा नंबर तपासेल. भांडण रंगलं की आत्या आतून चहा पाठवायचं बंद करायची, कारण चहा संपला की आम्ही उठू, आणि तिला आम्ही उठायला नको होतं. हे मला फार नंतर कळलं.

दुकानाबाहेर भेटलो असतो तर उघड बोलता आलं असतं, तिथे काही आत्याचा नियम नव्हता. पण बाहेर भेटलो की पुस्तकाची आठवणच यायची नाही. बाहेर आम्ही चालायचो. तो येणाऱ्या-जाणाऱ्यांचे चष्मे ओळखायचा, हा दुसऱ्याचा घालून फिरतोय, त्या काकूंना नंबर वाढलाय पण कबूल करायचं नाही. मी माणसं बघून कोण कुठलं पुस्तक नेईल ते सांगायचे. आमच्या दोघांचे अंदाज सारखेच चुकायचे आणि आम्ही हसत सुटायचो.

एका संध्याकाळी भुरभुर सुरू झाली म्हणून आम्ही त्याच्या दुकानाच्या छपराखाली थांबलो. माझ्या काचांवर थेंब आले, समोरचे दिवे पसरट दिसायला लागले. त्याने हात पुढे केला, मी चष्मा काढून दिला. खिशातल्या मऊ कापडाने तो काचा पुसत राहिला... जरा जास्तच वेळ. मला पुन्हा तो ठिपका दिसत होता, पण या वेळी ठिपक्याकडे बघूनही धडधडलं.

“चष्मा नसला की तुम्ही खरं बोलता,” तो म्हणाला. “म्हणून विचारतो. त्याने हाक मारायला हवी होती?”

“कुणी?”

“दीपधराने.”

“हो. पहिल्याच दिवशी.”

“मला तसं नाही वाटत,” तो हळू म्हणाला. “आपण हाक मारली, की समोरच्याला उत्तर द्यावं लागतं. मनात नसलं तरी. न मारणं म्हणजे तिला मोकळं ठेवणं... नाही का?”

चष्मा परत नाकावर आला. कानामागे बोटं क्षणभर रेंगाळली आणि निघून गेली. घरी जाताना मी त्याच्यावर चिडले होते, लेखकावर चिडले होते, आणि तरी चेहऱ्यावरचं हसू काही जाईना. मला तो आवडत होता. आवडत होता म्हणजे, आता कुणी त्याच्या दुकानाचा पत्ता विचारला तरी माझे कान तापत होते, डावा जरा जास्तच.

आणि मग आहारतज्ज्ञ बाई नवा चष्मा आणायला त्याच्याकडे गेल्या आणि बातमी घेऊन आल्या. तो चालला होता. दुसऱ्या शहरात त्याच्या दादाचं मोठं दुकान आहे, दादाला एकट्याने झेपत नाही, त्याने बोलावलंय. सोमवारी सकाळी निघणार. इकडचं दुकान कुणीतरी चालवायला घेतंय.

हे मला बाईंकडून कळावं? रोज तासन्‌तास दीपधराबद्दल बोलतो आणि स्वतःबद्दल एक शब्द नाही? अंगाचा तिळपापड झाला माझ्या. तो संध्याकाळी आला तेव्हा मी पुस्तकांकडे बघत विचारलं, की जाणार आहात म्हणे.

“दादाने विचारलं,” तो म्हणाला. “नाही म्हणायला कारण नव्हतं.”

मग तो निघाला नाही, तिथेच थांबला. माझ्याकडे बघत होता. मला एवढंच म्हणायचं होतं, की आहे, कारण आहे. पण याला काही वाटत असतं तर यानेच नसतं का विचारलं? मी कशाला गळ्यात पडू? मी म्हटलं, “छान झालं. मोठं शहर, मोठं दुकान.”

“हं,” तो म्हणाला.

तो गेल्यावर मी एकच फळी इतक्या वेळा लावली, की शेवटी आत्याने माझ्या हातातली पुस्तकं काढून घेतली. गप्प बसलेली आत्या मी त्याआधी कधी पाहिली नव्हती.

त्याच्या शेवटच्या रविवारी बैठकीला सगळे जमले. सूर्य खिडकीतून थेट पुस्तकांवर येत होता, बाहेर सगळं लख्ख, आणि माझं तोंड एवढंसं. आत्याने टूम काढली, की चष्मेवाले निघालेत, तर आज प्रत्येकाने या पुस्तकातलं आपलं आवडतं वाक्य वाचायचं. अर्थात शेवट न सांगता, सर अजून सहाव्या अंधारात आहेत.

आहारतज्ज्ञ बाईंनी एका पात्राने सफरचंद खाल्ल्याचं वाक्य वाचलं. न्यायाधीशांनी वाक्य न वाचता निषेध नोंदवला. मग त्याची पाळी आली. त्याने ती कोपरा दुमडलेली प्रत उघडली.

“माझं आवडतं म्हणजे पुस्तकातलं शेवटचंच वाक्य आहे,” तो म्हणाला. “पण त्यातून काही फुटत नाही, म्हणून वाचतो. ‘आणि त्याने तिला हाक मारली नाही.’”

“ते शेवटचं वाक्य नाही,” न्यायाधीश म्हणाले.

“आहे की.”

“अहो, त्यानंतर बरंच काही आहे. आणि सगळं बेकायदा आहे.”

तो हसला. त्याला वाटलं, थट्टा चालली आहे. मी मात्र उठून त्याच्या मागे जाऊन उभी राहिले आणि खांद्यावरून वाकून बघितलं. पान संपलं होतं, वाक्यही पूर्ण झालं होतं, अगदी नीट. शेजारच्या पानावर सातही राज्यांच्या राजांची वंशावळ सुरू होत होती, जी पुस्तकाच्या अगदी शेवटी असते आणि जी सरांशिवाय कुणी वाचत नाही. मी पानांचे आकडे बघितले. मधली सोळा पानं नव्हती.

फाटली नव्हती, नव्हतीच. पुस्तक बांधताना सोळा-सोळा पानांचे फर्मे एकावर एक ठेवतात, आणि एखाद्या प्रतीत एखादा फर्मा ठेवायचाच राहून जातो. शंभरात एखादी प्रत अशी निघते, गिऱ्हाईक ती परत आणतं, आम्ही बदलून देतो. याची गोष्ट मध्येच तुटली असती तर यानेही आणली असती. पण या प्रतीतली गोष्ट नेमकी अशा जागी थांबली होती, की याला तो शेवट वाटला... आणि इतका आवडला, की तो त्याप्रमाणे वागायलासुद्धा लागला.

मला हसू यावं की रडू, कळेना. इतके दिवस आम्ही दोघं दोन वेगवेगळ्या पुस्तकांवर भांडत होतो.

मी त्याला सांगितलं. तो आधी माझ्याकडे, मग प्रतीकडे बघत राहिला. आत्याने लगेच कपाटातून नवी कोरी प्रत काढून त्याच्या पुढ्यात ठेवली. त्याने ती उघडली नाही. बॅगेत टाकली. “गाडीत वाचतो उद्या,” तो म्हणाला. “वेळ जाईल.”

उद्या. गाडीत. म्हणजे हा तिकडे पोहोचणार, आणि मग याला कळणार.

“दार उघडं होतं,” मी म्हटलं.

सरांनी दोन्ही हात कानांवर ठेवले. आत्याने तोंड उघडलं, आणि माझा चेहरा बघून परत मिटलं.

“त्या दाराला कडी नव्हतीच,” मी म्हटलं. आता थांबणं शक्य नव्हतं. “ती आत बसली होती, तो आला तेव्हापासून. तिला त्याची पावलं ऐकू आली होती. तिला वाटलं, त्याला यायचं असेल तर तो हाक मारेल. त्याला वाटलं, तिला हवं असेल तर ती दार उघडेल. तो बाहेर, ती आत, मध्ये नुसतं लोटलेलं दार. आणि दिव्यातलं तेल संपलं. सोळा पानं लागतात त्यांना विझायला, आणि दोघंही शेवटपर्यंत स्वतःला फार थोर समजत असतात.”

तो उभा राहिला होता. “तिलाही...?” तो म्हणाला. “तीही वाट बघत होती?”

“हो. तीही तेवढीच गाढव होती.” मी श्वास घेतला. “मला तो शेवट अजिबात आवडलेला नाही. तुम्ही जाऊ नका.”

मग न्यायाधीशांनी घसा खाकरला.

“तुमचं हे शेवटचं वाक्य पुस्तकात नाही,” ते म्हणाले. “पण असायला हवं होतं.”

“मला काहीही ऐकू आलेलं नाही,” कान झाकूनच सर म्हणाले, आणि त्यांचे डोळे ओले झाले होते. आत्या आहारतज्ज्ञ बाईंचा हात धरून बसली होती, इतका घट्ट, की बाईंना तो सोडवून घेता येत नव्हता.

तो माझ्याजवळ आला. मी खाली बघत होते, म्हणून चष्मा नाकावरून घसरला होता. त्याने तो वर सरकवला नाही, काढून घेतला. सगळी माणसं पुसट झाली, न्यायाधीश, सर, फळ्या, सगळं. एवढ्या जवळ तो एकटाच नीट दिसत होता.

“मी रोज यायचो,” तो म्हणाला, “ते पुस्तकासाठी नाही.”

“मग बोलायचं ना.”

“मला वाटलं, तू... तुला मोकळं ठेवावं.”

“मला नको मोकळं,” मी म्हटलं. “मला तू हवा आहेस.”

हे मी भर बैठकीत म्हटलं, दिवसाढवळ्या, माझ्या सख्ख्या आत्यासमोर. आजही आठवलं की कानाच्या पाळ्या तापतात. पण त्या क्षणी मला लाज वाटली नाही, फक्त खूप हलकं वाटलं. त्याने माझा हात हातात घेतला. त्याची बोटं थंडगार होती आणि थरथरत होती, ज्या बोटांनी तो टाचणीएवढा स्क्रू एका झटक्यात बसवायचा तीच ती.

मग दुसऱ्या हाताने त्याने फोन काढला आणि दादाला लावला. दुकानात इतकी शांतता होती, की पलीकडचा आवाज आम्हा सगळ्यांना ऐकू येत होता. आधी दादाने विचारलं, तिकीट काढलं का. मग याने सांगितलं, की तो येत नाही. मग दादाने वहिनीला हाक मारल्याचं ऐकू आलं, वहिनीने काय झालं विचारल्याचं ऐकू आलं, आणि मग दादाचा आवाज, रागावलेला नाही, पण पुरता गोंधळलेला. सगळं ठरलं होतं, खोलीसुद्धा रिकामी करून ठेवली होती, मग आता एकदम काय कारण?

त्याने माझ्याकडे बघितलं. चेहरा इतका आनंदी, इतका भांबावलेला, की दादाला उत्तर देणं त्याच्याच्याने होणार नव्हतं. त्याने फोन माझ्या हातात दिला.

मी घसा साफ केला.

“नमस्कार दादा,” मी म्हटलं. “कारण बोलतेय.”